विठ्ठलचं पडणं

पडण्यात विठ्ठलचा हात धरणारा आमच्या पेडण्यात कुणी नव्हता. मारणारे पुष्कळ असतात. गदा उचलायची, डोळे वटारायचे, एक आरोळी ठोकायची, झाला राजा. पण मार खाऊन असं पडायचं की पुढच्या रांगेतल्या बाईने तोंडावर पदर धरावा आणि पडणाऱ्याच्या अंगावर ओरखडासुद्धा उठू नये, हे ऐऱ्यागैऱ्याचं काम नव्हे. विठ्ठल एकतीस वर्षं आमच्या दशावतारी कंपनीत राक्षस झाला आणि एकतीस वर्षं मरत राहिला. मी मृदंग वाजवतो. म्हणजे त्याला मारण्यात निम्मा वाटा माझा.

ते कसं, ते आधी सांगतो, नाहीतर पुढचं कळणार नाही. दशावतारात थप्पड मारणारा हात गालापासून चार बोटं अलीकडे थांबतो. आवाज माझ्या मृदंगाचा असतो, आणि मान फिरते ती मार खाणाऱ्याची. गदेचं त्याहून अवघड. शिवणीच्या लाकडाची गदा एकदा फिरली की थांबवता येत नाही. माझी थाप पडली की राक्षसाने वाकायचं, गदा त्याच्या डोक्यावरून जाते, आणि तो कोलमडतो. आमच्यात तालीम नसते. मालक रंगपटात बसून कथा सांगतो, कुणी काय व्हायचं ते सांगतो, बाकी सगळं मंचावर. त्यामुळे मारामारीत विश्वास कुणावर ठेवायचा, तर थापेवर. विठ्ठल म्हणायचा, "किस्ना, तुझी थाप पावली काय माझी मान आपसूक फिरता."

आणखी एक. आमच्या कंपनीत मेलेला राक्षस मेलेला ठेवत नाहीत. खेळ संपला की मी तीन थापा देतो. तिसरीवर राक्षस उठतो, देवळाकडे तोंड करून हात जोडतो, मग लोकांना नमस्कार करतो. राक्षस पडलेलाच राहिला तर गावाला वर्ष जड जातं, असं जुनी माणसं म्हणतात. मग बाया पोरांना घेऊन पुढे येतात. पोरं भीतभीत विठ्ठलच्या गालाला बोट लावायची, बोटाला लाल रंग लागायचा, आणि ती रडायची थांबायची. ह्या कामात मला सगळ्यांत जास्त काही आवडत असेल तर ते हे.

विठ्ठलचा दिवसाचा धंदा शहाळ्यांचा. धारगळला हमरस्त्याच्या कडेला निळं प्लॅस्टिक बांधलेला गाडा, बाजूला शहाळ्यांची रास आणि हातात कोयता. बायको सुशीला त्याच गाड्यावर सोलकढी आणि भाजलेले काजू विकायची. माणूस उंच, छाताड रुंद, डोळे मुळातच तांबूस. पण बोलायला मऊ. गिऱ्हाईकाने घासाघीस केली तर हाच लाजायचा. सुशीला म्हणायची, माझ्या नवऱ्याचा राग सगळा रंगपटातल्या पेटाऱ्यात कुलूप लावून ठेवलाय.

तीन वर्षांपूर्वी कंपनीत प्रज्योत आला. साखळीचा पोरगा, वय पंचविशीच्या आत, दिसायला देखणा, आवाज खणखणीत. मालक सदाशिवने त्याला थेट राजपुत्राची कामं दिली. त्याच्या हातात फोन चोवीस तास. फोनवर त्याचा एक चॅनल होता, नाव 'धडका'. एक-एक मिनिटाचे व्हिडिओ. सून सासऱ्याला कानफटवते, जावई मेव्हण्याला रस्त्यात लोळवतो, मुलगा बापाला घराबाहेर काढतो आणि मग कुणीतरी येऊन त्या मुलाला तुडवतो. वर लिहिलेलं, 'सत्य घटना, शेवट बघाच'. सत्य कसलं डोंबलाचं. पण लोक बघत होते.

एके दिवशी प्रज्योत विठ्ठलच्या गाड्यावर आला. म्हणाला, "काका, तुमी फकत एका म्हातारेक पाणी दिवंक ना म्हणा. मागीर हांव येतां आनी तुमका एक थप्पड मारतां. फुडलां लोक बघून घेतले." म्हातारी म्हणून त्याने साखळीच्याच एका मुलीला केस पांढरे करून बसवलं. विठ्ठलने कोयता उगारून तिला हाकललं, असं हाकललं की रस्त्यावरची एक खरी गाडी थांबली. मग प्रज्योतने थप्पड मारली, विठ्ठलने मान फिरवली, शहाळ्यांच्या राशीवर पडला, शहाळी घरंगळत रस्त्यावर गेली. मारल्याचा आवाज प्रज्योतने नंतर फोनवर चढवला. चार दिवसांत चार लाख लोकांनी विठ्ठलला पडताना पाहिलं. आमच्या कंपनीच्या खेळाला हल्ली दीडशे माणूस बसलं तर मालक नारळ फोडायचा.

मी त्याच्यावर चिडलो होतो. पण खोटं कशाला बोलू, तो व्हिडिओ मी स्वतः अकरा वेळा पाहिला. जेवताना पाहिला, बसमध्ये पाहिला. त्यात काय होतं? माणूस वाईट वागला आणि चाळीस सेकंदांत त्याला मार पडला. आपल्या जन्मात असं कधी घडत नाही. माझी शेतातली वाट अडवणारा शेजारी वीस वर्षं सुखाने जगतोय. फोनमध्ये मात्र हिशेब लगेच चुकता. मग बोट आपोआप पुन्हा त्याच जागी जातं.

विठ्ठलला पैसा किती मिळत होता ते मी विचारलं नाही, त्यानेही सांगितलं नाही. त्याला हवं होतं ते वेगळंच. एकतीस वर्षांत एकाही फलकावर त्याचं नाव छापलं नव्हतं. राजाचं छापतात, राक्षसाचं कोण छापतो? आणि आता फोंड्याच्या बसस्टँडवर अनोळखी बाई त्याच्याकडे बोट दाखवून नवऱ्याला म्हणाली होती, "अगो बाय, तोच तो मेलो." हे त्याने मला इतक्या आनंदाने सांगितलं की मला वाईट वाटलं. शिवी खाऊन एवढा फुललेला माणूस मी दुसरा पाहिला नाही.

मग गाड्यावर लोक यायला लागले. गोव्यात फिरायला आलेली पोरं, खाणीतले ट्रकवाले, कुटुंबंच्या कुटुंबं. शहाळं प्यायचं, फोटो काढायचा. आणि एक दिवस एकजण म्हणाला, "काका, एक मारू? व्हिडिओत मारतात तशी." विठ्ठल हसला, गाल पुढे केला. त्याला वाटलं, पोरगा हात थांबवील. त्याने थांबवला नाही. थांबवायचा असतो हे त्याला कुणी शिकवलंच नव्हतं. मी समोर होतो. विठ्ठलच्या डोळ्यांत पाणी आलं आणि सगळे हसले, विठ्ठलसुद्धा. त्या महिन्यात अशा किती थपडा त्याने खाल्ल्या देव जाणे. सुशीला पाठ फिरवून काजू भाजत राहायची.

मी त्याला सांगितलं, "विठ्ठल, हो तुझो गाल हा, देवळाची घांट न्हय." तो म्हणाला, "असू दे रे, लोक खुशी जातत."

पण फोनवरचे लोक खूश नव्हते. व्हिडिओखाली ज्याला त्याला लिहायची मुभा. उचलली जीभ, लावली टाळ्याला. 'फेक आहे.' 'हात लागलाच नाही.' 'आवाज नंतर टाकलाय.' 'असली मार दाखवा.' बघणारे कमी झाले तसा प्रज्योत उतरलेल्या तोंडाने विठ्ठलकडे आला. म्हणाला, "काका, तीन सेकंदांत थप्पड पडूक जाय आनी ती खरी दिसूक जाय. ना जाल्यार बोट वयर सरकता. हात लागाक जाय." विठ्ठलने एक दिवस विचार केला म्हणे. दुसऱ्या दिवशी खऱ्या माराला हो म्हणाला.

पुढचे व्हिडिओ साखळीच्या पलीकडे, बंद पडलेल्या खाणीच्या मोकळ्या पट्ट्यात होत. माणूस नाही, कुत्रं नाही, सगळीकडे लाल माती आणि खड्ड्यात साचलेलं हिरवं पाणी. मी एकदाच गेलो, त्याला परत आणायच्या इराद्याने. प्रज्योतने तिवईवर फोन लावला. कथा अशी की विठ्ठल हा बायकोला जाळणारा नवरा आणि प्रज्योत तिचा भाऊ. पहिल्या थपडेला विठ्ठलची मान सवयीने आधीच फिरली. प्रज्योत म्हणाला, पुन्हा. दुसऱ्यांदा विठ्ठलने मान आवरली, हात नुसता घासून गेला. पुन्हा. पाचव्या वेळी तो माझ्याकडे बघत होता. मृदंग नव्हता, आणि माझ्या हातांचं काय करावं हे मला कळत नव्हतं. सहाव्या वेळी प्रज्योतचा तळवा खोलगट होऊन डाव्या कानावर बसला. आवाज बारीकच झाला, पिशवी फुटल्यासारखा. विठ्ठल गुडघ्यावर बसला. पडला नाही, बसला. कानातून रक्ताचा एक थेंब मानेवर आला. प्रज्योत घाबरला, "काका, काका" करत जवळ आला, आणि विठ्ठलने त्याला हात केला की चालू ठेव. मग पट्टा झाला, मग चपला, मग पाठीत लाथा. शेवटी त्याला मातीत लोळवला आणि प्रज्योत त्याच्या हातावर बूट ठेवून उभा राहिला. विठ्ठल जे ओरडला ते एकतीस वर्षांत मी मंचावर कधी ऐकलं नव्हतं.

मी तिवईला लाथ घातली. फोन मातीत पडला. प्रज्योतला आईबहिणीवरून बोललो, विठ्ठललाही बोललो. परत येताना बसमध्ये तो माझ्या शेजारी बसला नाही. तो व्हिडिओ एकवीस लाख लोकांनी पाहिला. त्यात शेवटी चित्र एकदम आडवं होतं ना, ती माझी लाथ. खाली लिहिलेलं, 'आता कसं खरं वाटतं.'

त्यानंतर आम्ही दोघं कामापुरतं बोलायचो. हे मी आता सांगतोय कारण पुढे जे झालं त्यात ह्या अबोल्याचा वाटा आहे.

कंपनीच्या खेळात विठ्ठल उशिरा पडायला लागला. जरासा, केसभर. लोकांना कळण्यासारखं नव्हतं, मला कळत होतं. मला वाटलं, मीच म्हातारा झालो, हात जड झाला. घरी येऊन मृदंगाच्या धुमेला, म्हणजे डाव्या तोंडाला, नवी कणीक लावली, वाद्या ओढल्या, गट्टे ठोकले. पेडण्याच्या बाजारातून शाई भरणाऱ्याला बोलावलं. पुढच्या खेळात पुन्हा तेच. मी पुन्हा कणीक बदलली. काखेत कळसा आणि गावाला वळसा, दुसरं काय. माझा दोस्त माझ्यापासून दहा हातांवर बहिरा होत होता आणि मी मृदंगाला दोष देत बसलो होतो.

घरात मात्र सुशीलेला कळलं होतं. हे तिने मला नंतर सांगितलं. त्यांच्याकडे सकाळी पदेर सायकलवरून पाव घेऊन येतो, दारात भोंगा वाजवतो. विठ्ठल ओट्यावर उभा, पदेर त्याच्या डाव्या बाजूला, दोन हातांवर. भोंगा वाजवतोय, वाजवतोय, हा रस्त्याकडे बघत उभा. सुशीला आतून आली. "अवो, पदेर कवापासून भोंगो मारता. आयकूक येना तुमका?" तो दचकला. मग तिला आत नेऊन म्हणाला, "डावो कान गेलो. कोणाक सांगू नको. किस्नाक तर मुळीच नको."

का नको? तर आमच्या मालकाचा एक नेम आहे. थाप ज्याला ऐकू येत नाही त्याच्या हातात शस्त्र नाही. पूर्वी एका राजाला कमी ऐकू येऊ लागलं तेव्हा सदाशिवच्या बापाने त्याला दाढी लावून ऋषी केला. ऋषीला मारामारी नाही, बसून आशीर्वाद द्यायचा. नेम चांगला आहे, माणसाच्या जिवासाठी आहे. पण विठ्ठलच्या गावची जत्रा तोंडावर आली होती. त्या जत्रेतला राक्षस त्यांच्या घरचा. त्याचा बाप व्हायचा, आजा व्हायचा. विठ्ठल सुशीलेला म्हणाला, "माका दाडी लावन ऋषी करतले गे. माझ्या गावात, माझ्या देवासमोर. एवढी जत्रा जावं दी, मागीर हांव सगळां सोडतां." ती गप्प राहिली. ती अजून स्वतःला दोष देते. मी तिला सांगतो, तू गप्प राहिलीस, मी तर तोंड फिरवून बसलो होतो.

तोवर त्याने युक्ती काढली होती. डोळ्याच्या कोपऱ्यातून तो माझा हात बघायचा. हात उठला की वाकायचा. म्हणून केसभर उशीर.

जत्रेतला खेळ दुपारी साडेचारला ठेवला होता. हल्ली लोकांना रात्रभर जागवत नाही. देवळासमोर फळ्यांचा मंच, डाव्या अंगाला आम्ही वाजपी, उजव्या अंगाला ह्या वर्षी नवे, पुरुषभर उंचीचे स्पीकर. गर्दी अशी की कौलांवर माणसं. देवासाठी नव्हे, आमच्यासाठीही नव्हे. 'धडका'वाले दोघे समोरासमोर येणार म्हणून साखळी, डिचोली, म्हापशापासून पोरं आलेली. सगळ्यांचे हात वर आणि प्रत्येक हातात फोन. रंगपटात विठ्ठलने तोंडाला लाल रंग लावला, भुवया काढल्या, आणि बऱ्याच दिवसांनी माझ्याकडे आला. माझ्या मृदंगाच्या पाया पडला. म्हणाला, "किस्ना, आज मोठ्यान वाजय." मला वाटलं, गर्दी म्हणून म्हणतोय. मी नुसती मान हलवली. राग धरून बसलेल्या माणसासारखा मूर्ख नाही.

कथा साधी होती. दंडासुर नावाचा राक्षस गावचं पाणी अडवतो आणि राजपुत्र त्याला मारतो. विठ्ठल आला तेव्हा शिट्ट्या सुरू झाल्या. "मार तेका!" "खरी मार रे, फेक नको!" प्रज्योत आला तेव्हा स्पीकर कमी पडले. मारामारी सुरू झाली. प्रज्योतचा पहिला हात आला, मी थाप दिली. विठ्ठलला थाप पोचली नाही, माझा हातही दिसला नाही, कारण मध्ये प्रज्योत उभा होता. थप्पड गालावर बसली. खरी. लोक ओरडले. पूर्वीच्या प्रज्योतने हात चार बोटं अलीकडे थांबवला असता. पण चार महिने रोज खाणीवर त्याने त्या हाताला काय शिकवलं होतं? हात शिकला होता.

विठ्ठल सावरला. गुरगुरला. त्याने माझ्या बाजूला सरकायचा प्रयत्न केला, हे मला आता समजतं. तेव्हा मला वाटलं, रंगात आलाय. प्रज्योतने गदा उचलली आणि त्याला फिरवत फिरवत मंचाच्या उजव्या कडेला नेलं. विठ्ठलची पाठ तिरकी माझ्याकडे झाली. चांगला कान स्पीकरच्या तोंडाशी, फुटका कान माझ्याकडे. गदा फिरली. मी सगळा जोर लावून थाप दिली.

तो वाकला नाही.

माझ्या मृदंगाचा आवाज मी पन्नास आवाजांत ओळखतो. त्याच्यामागून जो दुसरा आवाज आला तो माझा नव्हता. गदा डाव्या कानशिलावर बसली. विठ्ठलचा मुकुट उडाला, तो आधी स्पीकरवर आपटला आणि मग खाली आला. हात न टेकता, तोंडावर. असं वाईट तो कधी पडला नव्हता. माझा हात थांबला. मृदंग थांबल्याचं कुणाला कळलंच नाही, इतक्या टाळ्या.

प्रज्योत बघत होता. त्याच्या तोंडावर मला दिसलं ते कौतुक होतं. तो नंतर पोलिसांना म्हणाला तेच खरं असणार, की काकांनी आज कमाल केली असं त्याला वाटलं. गर्दीतून कुणी ओरडलं, "लाथ मार!" आणि त्याने चॅनलवर मारायचा तशी बरगडीत लाथ मारली. मग दुसरी. प्रत्येक लाथेला विठ्ठलचं अंग नुसतं हलत होतं. मार खाणारं अंग आपलं आपण आकसतं, हे एकतीस वर्षं मार पाहिलेल्याला कळतं. हे आकसत नव्हतं.

मी मृदंग बाजूला ढकलून उठलो. वाजपी खेळातून कधी उठत नाही. लोक ओरडले, "बस रे म्हाताऱ्या, वाजय!" मी मंच ओलांडला आणि प्रज्योतच्या कानाखाली माझ्या जन्मातली पहिली खरी थप्पड ठेवून दिली. एक नाही, तीन-चार. त्याचा ओठ फुटला. आणि लोकांनी जी आरोळी ठोकली तशी अख्ख्या खेळात ठोकली नव्हती. मृदंगवाला पण खेळात आहे, असं त्यांना वाटलं. त्या दिवसाच्या सगळ्या व्हिडिओंत माझा तो तुकडा सर्वांत जास्त पाहिला गेलाय.

जत्रेत काजू विकत बसलेली सुशीला मंचावर आली, तिच्या हातात खारे काजू बांधायच्या कागदाची चळत तशीच होती. कुणीतरी म्हणालं, बायकोचं काम पण छान. ती त्याच्याजवळ बसली. रंग लाल, रक्त लाल, कुठलं कुठलं कळत नव्हतं. तिने पदराने पुसलं तेव्हा कळलं. विठ्ठलने डोळे उघडले. मी त्याच्या डाव्या कानात बोलत होतो, "पडून ऱ्हा, हलू नको." त्याने मान थोडी वळवली आणि सुशीलेने माझं तोंड धरून दुसऱ्या बाजूला केलं. "भावजी, ह्या कानात. तो फुटलोहा."

तिथे, त्या फळ्यांवर, मला कळलं. खाणीवरचा रक्ताचा थेंब, कणीक, वाद्या, केसभर उशीर, सगळं एकदम.

विठ्ठल हाताने फळी चाचपत होता. म्हणाला, "किस्ना, थाप दी. राक्षस पडान ऱ्हाता नये." मी म्हटलं, आज नको. तो म्हणाला, "आयकूक येना. पण फळयेन कळता. फळयेर दी."

फळीतून कळत होतं. हे त्याने मला चार महिन्यांपूर्वी सांगितलं असतं, तर मी मृदंग फळीला टेकवून वाजवला असता, पाय आपटला असता, काहीही केलं असतं. मी त्याच्या तळव्याजवळ फळीवर थाप दिली. एक. दोन. तिसरीला तो खरोखर उठला, गुडघ्यांवर, एका बाजूने सुशीला, एका बाजूने मी. देवळाकडे तोंड करून हात जोडले. मग लोकांकडे. लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते. मग त्याचं सगळं वजन माझ्या खांद्यावर आलं. प्रज्योत तेव्हा कुठे पुढे झाला आणि "काका" म्हणाला.

म्हापशाला नेलं, तिथून बांबोळीच्या मोठ्या इस्पितळात. डोक्यात रक्त साकळलं होतं. दोन दिवस तो तसाच होता, तिसऱ्या दिवशी गेला. पोलिसांनी पुष्कळांना विचारलं. सगळ्यांनी एकच सांगितलं, "साहेब, आमकां खेळच दिसलो." प्रज्योतनेही तेच सांगितलं. खटला चालू आहे. मला विचारलं तेव्हा मी म्हटलं, हात त्याचा, पण थाप माझी. फौजदाराने ते लिहून घेतलं नाही.

प्रज्योतने चॅनलवर एक व्हिडिओ टाकला. डोकं भादरलेलं, हात जोडलेले, रडतोय. म्हणतोय, विठूकाका गेले, माझ्या हातून गेले, मला माफ करा. तो रडत होता ते खरं होतं. मी खाली लिहिलेलं वाचत गेलो, वाचायला नको होतं. 'कितव्यांदा मेला हा?' 'रडणं जमलं नाही भाऊ.' 'पुढचा भाग कधी?' आणि सगळ्यांत जास्त वेळा एकच शब्द, फेक.

विठ्ठलला घरातून उचलायच्या वेळी अंगणात बरीच माणसं होती. कुंपणापलीकडे दोघेतिघे फोन धरून उभे, वाट बघत. कशाची ते मला ठाऊक होतं. सुशीलेने विठ्ठलचं तोंड स्वच्छ पुसलं होतं, रंगाचा डाग कुठे ठेवला नव्हता. तिने त्याचा उजवा तळवा तिरडीच्या बांबूवर सोडवून ठेवला आणि माझ्याकडे बघितलं. "भावजी, थाप दिया."

मी बसलो आणि त्याच्या बोटांशेजारी बांबूवर थाप दिली. एक, दोन, तीन. तिसरीनंतर थांबायचं असतं. मी थांबलो नाही. चौथी दिली, पाचवी दिली, हाताची सालटी निघाली तरी देत राहिलो. शेवटी सुशीलेने माझा हात धरला आणि माणसांना म्हणाली, "उचला."